लहान लांबीचा सिनेमा : एक प्रस्तावना

आगगाडीच्या खिडकीतून दिसणारा मुलूख, एवढंच 'स्टार गिटार' या व्हिडिओत आहे. रूळ, विजेचे खांब, कारखान्यांच्या चिमण्या, पूल, मधूनच एखादं स्टेशन. केमिकल ब्रदर्स या इंग्लिश जोडीचं गाणं वाजत असतं आणि गाडी धावत असते. गायक दिसत नाही, नाच नाही, गोष्ट नाही. थोड्या वेळाने लक्षात येतं की ठेक्याच्या ठरावीक ठोक्याला ठरावीक खांब जातोय, नवं वाद्य सुरू झालं की नवी इमारत समोर येतेय, सूर लांबला की पूल लांबतोय. २००२ सालचा हा व्हिडिओ मिशेल गोंद्रीचा. दक्षिण फ्रान्समधल्या नीम ते वालांस या मार्गावर त्याने लहान डिजिटल कॅमेऱ्याने एकाच दिवसात, बदलत्या उजेडात, तोच प्रवास पुन्हा पुन्हा टिपला. गाण्याची मांडणी त्याने आलेखाच्या कागदावर केली होती. कुठल्या आवाजाला काय दिसणार हे ठरवण्यासाठी त्याने संत्री, काटे, कॅसेट, पुस्तकं आणि बूट ओळीने मांडून पाहिले होते.

पुढे दोनच वर्षांत याच माणसाचा 'इटर्नल सनशाइन ऑफ द स्पॉटलेस माइंड' आला. त्यात एका माणसाच्या डोक्यातून आठवणी पुसल्या जात असतात आणि पुस्तकांच्या दुकानातली पुस्तकं आपल्या डोळ्यांदेखत कोरी होत जातात. मनातली घडामोड वस्तूंमधून दाखवायची ही रीत गोंद्रीच्या हाती म्युझिक व्हिडिओंनी दिली होती. व्हिडिओपासून चित्रपटापर्यंतचा हा रस्ता, आणि त्यावरून गेलेले गोंद्रीच्या आधीचे व नंतरचे फ्रेंच दिग्दर्शक, हा या पुस्तकाचा विषय आहे.

फ्रेंच सिनेमा म्हटलं की आपल्याकडे गोदार, त्रुफो आणि न्यू वेव्ह यांची नावं निघतात. फिल्म सोसायट्यांनी करून दिलेली ही ओळख पक्की आहे आणि मोलाचीही आहे. पण त्या चित्रपटांच्या आधी, नंतर आणि आजूबाजूला दहा-वीस मिनिटांच्या कामांचा जो मोठा साठा आहे, तो मराठी वाचकापर्यंत फारसा पोचलेला नाही. लघुपट म्हणजे उमेदवारी आणि म्युझिक व्हिडिओ म्हणजे पोटापाण्याचं काम, अशी समजूत आपल्याकडे रूढ आहे. या संग्रहातल्या लेखांचं म्हणणं निराळं आहे. फ्रान्समधला दिग्दर्शक बव्हंशी या दोन लहान प्रकारांत घडतो, आणि मर्यादा पाळता पाळता घडतो. लघुपटात मर्यादा असते पैशाची आणि लांबीची. व्हिडिओत मर्यादा असते दुसऱ्याच्या गाण्याची. या मर्यादांत काम करणाऱ्या तरुणाला टिकून राहता यावं म्हणून त्या देशाने कायदे केले, निधी उभा केला, प्रेक्षक तयार केला. प्रतिभेच्या कथा आपण भरपूर वाचतो. त्या प्रतिभेच्या पायाखाली रस्ता कोणी बांधला, हेही वाचायला हवं.

सिनेमाची सुरुवातच लहान लांबीने झाली. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या ग्रां कॅफेत ल्युमिएर बंधूंनी दाखवलेले चित्रपट प्रत्येकी मिनिटभराचेही नव्हते. ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएरांचाच खेळ मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाला, आणि १८९९ मध्ये हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली. या रस्त्याचा उगम आपल्यालाही परका नाही. कमी लोकांना ठाऊक असते ती अ‍ॅलिस गी. गोमों कंपनीत काम करणाऱ्या या बाईंनी १८९६ पासून चित्रपट केले आणि विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात ध्वनिमुद्रिकेशी जुळवलेले गाण्यांचे छोटे चित्रपटही केले. आवाज आधी मुद्रित करायचा, मग त्यावर ओठ हलवत गायकाने कॅमेऱ्यासमोर गाणं सादर करायचं, अशी ती पद्धत होती. प्लेबॅकवर वाढलेल्या आपल्या प्रेक्षकाला ती वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. म्हणजे बोलपट येण्याच्या पुष्कळ आधी फ्रान्समध्ये गाणं आणि छोटा चित्रपट एकत्र नांदत होते, आणि त्यामागे एक स्त्री होती.

लघुपटाला प्रौढपण आलं ते दुसऱ्या महायुद्धानंतर. १९४० च्या कायद्याने एका तिकिटात दोन मोठे चित्रपट दाखवायला बंदी घातली होती. त्यामुळे मुख्य चित्रपटाआधी लघुपटाला जागा मिळाली आणि उत्पन्नातला वाटाही मिळाला. ऑगस्ट १९५३ मध्ये सरकारने हे संरक्षण काढून घेतलं. तेव्हा लघुपट करणारे दिग्दर्शक आणि निर्माते 'तिसांचा गट' या नावाने एकत्र आले, त्यांनी जाहीरनामा काढला, आणि पुढे दर्जा पाहून अनुदान देण्याची पद्धत सुरू झाली. तक्रारीसाठी एकत्र येणारे कलावंत सगळीकडे सापडतात. इथे तक्रारीतून नियम तयार झाला, आणि त्या नियमाच्या आधाराने पुढच्या पिढ्या उभ्या राहिल्या.

त्या काळातली नावं पाहा. आलँ रेनेचा 'नाइट अँड फॉग' बत्तीस मिनिटांचा आहे. छळछावणीचं आजचं गवत रंगीत दिसतं, कालचे मृतदेह कृष्णधवल दिसतात, आणि या दोहोंत जाणारा-येणारा कॅमेरा बघणाऱ्याला सुटका देत नाही. याच रेनेने १९५८ मध्ये एका उद्योगसमूहाच्या सांगण्यावरून प्लॅस्टिकवर लघुपट केला. त्याचं निवेदन कवी रेमों क्नो यांनी छंदोबद्ध लिहिलं. आन्येस वार्दाने पर्यटन खात्यासाठी लुआर नदीकाठच्या गढ्यांवर लघुपट केला. क्रिस मार्केरचा 'ला जते' (१९६२) अठ्ठावीस मिनिटांचा आहे आणि जवळजवळ संपूर्ण स्थिर छायाचित्रांचा. फक्त एकदा, एका स्त्रीच्या डोळे उघडण्यापुरता, तो हलतो. अल्बेर लामोरीसच्या लाल फुग्याच्या गोष्टीला, चौतीस मिनिटांच्या लघुपटाला, मूळ पटकथेचं ऑस्कर मिळालं. या सगळ्यांत मागणीवरून केलेली कामं आहेत आणि आपखुशीने केलेलीही आहेत, आणि बघताना त्यांत डावं-उजवं करता येत नाही. दुसऱ्याने सोपवलेल्या कामात स्वतःची वाट काढणं हा या परंपरेचा पहिला धडा आहे. पुढे म्युझिक व्हिडिओ आला तेव्हा फ्रेंच दिग्दर्शकांना तो नवा वाटला नाही, याचं कारण हेच.

मधला दुवा स्कोपितोनचा. १९६० मध्ये फ्रान्समध्ये आलेलं हे यंत्र कॅफेत ठेवलेलं असे. नाणं टाकायचं, गाणं निवडायचं, की सोळा मिलिमीटरच्या फितीवरचं ते गाणं पडद्यावर दिसे आणि ऐकू येई. त्यासाठी फिल्मा करणाऱ्यांत क्लोद ललूश होता. त्याचा पहिला चित्रपट आपटला होता. या गाण्यांवर त्याचा हात चालत राहिला. १९६६ मध्ये त्याच्या 'अ मॅन अँड अ वूमन'ला कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. त्या चित्रपटात गाणं वाजत असतं, गाडी पावसातून धावत असते, माणसं बोलत नाहीत, आणि तरी गोष्ट पुढे सरकते. स्कोपितोनवरची उमेदवारी वाया गेली नव्हती.

१९८० चं दशक दूरचित्रवाणीचं. १९८४ मध्ये कनाल प्ल्युस आणि १९८७ मध्ये एम६ या वाहिन्या सुरू झाल्या. एम६ वर संगीताला मोठी जागा होती, आणि म्युझिक व्हिडिओला घरोघरी प्रेक्षक मिळाला. छायाचित्रकार झाँ-बातिस्त मोंदिनोने डॉन हेन्लीच्या 'द बॉइज ऑफ समर'चा कृष्णधवल व्हिडिओ केला आणि १९८५ मध्ये एमटीव्हीचं वर्षातल्या सर्वोत्तम व्हिडिओचं पारितोषिक मिळवलं. लोराँ बुतोनाने गायिका मिलेन फार्मेरच्या गाण्यांवर अठराव्या शतकातल्या पोशाखांत, घोडे आणि सैनिक घेऊन, दहा आणि सतरा मिनिटांच्या कथा चित्रित केल्या. त्याच काळात समीक्षक नव्या चमकदार चित्रपटांना 'व्हिडिओसारखे' म्हणून हिणवू लागले. व्हिडिओ करणारा तो खरा दिग्दर्शक नव्हे, ही अढी तिथेही होती आणि बराच काळ टिकली. या संग्रहातला एक धागा त्या अढीचा हिशेब मांडतो.

नवख्या वाचकाच्या सोयीसाठी या क्षेत्राचे ढोबळ चार प्रवाह सांगतो. सीमारेषा काटेकोर नाहीत, आणि एकच माणूस दोन प्रवाहांत सापडतो.

पहिला प्रवाह कारागिरांचा. झाँ-पिएर जने आणि मार्क कारो अ‍ॅनिमेशनकडून आले. दोघांच्या 'डेलिकॅटेसन'मधलं आणि एकट्या जनेच्या 'अमेली'तलं प्रत्येक कुलूप, प्रत्येक डबा हाताने बनवलेल्या खेळण्यासारखा वाटतो तो त्यामुळेच. गोंद्री इथलाच. तो व्हर्सायमध्ये जन्मला, 'वी वी' नावाच्या बँडमध्ये ड्रम वाजवायचा आणि त्याच बँडचे व्हिडिओ करायचा. ते गायिका ब्योर्कच्या पाहण्यात आले आणि १९९३ मध्ये तिच्या 'ह्यूमन बिहेवियर'चा व्हिडिओ झाला. १९९७ च्या 'अराउंड द वर्ल्ड'मध्ये त्याने डाफ्ट पंकच्या गाण्यातलं प्रत्येक वाद्य नर्तकांच्या एकेका गटाला वाटून दिलं: उंच खेळाडू म्हणजे बास, सांगाडे म्हणजे गिटार, ममी म्हणजे ड्रम. बास जिना चढतो-उतरतो, कारण त्याचे सूर चढतात-उतरतात. ज्याला संगीताची जाण नाही त्यालाही हा व्हिडिओ पाहून वाद्यं सुटी सुटी ऐकू येऊ लागतात. शिकवण्याचं याहून स्वच्छ उदाहरण मला माहीत नाही.

दुसरा प्रवाह प्रतिमाकारांचा. फॅशन, जाहिरात आणि छायाचित्रण यांतून आलेले मोंदिनो, झाँ-पोल गूद, स्तेफान सेदनाउई, आणि अलीकडे वुडकिड या नावाने स्वतः गाणारा योआन लमुआन. त्यांच्याकडे गोष्ट कमी आणि आकृती ठाम असते. त्यांची ताकद एका दृश्यात सगळं सांगण्यात आहे. मोठ्या लांबीत ती ताकद नेहमीच पुरत नाही, याची चर्चा पुढच्या पानांत मोकळेपणाने झाली आहे.

तिसरा प्रवाह टोळीचा. १९९० च्या दशकाच्या मध्यावर किम शापिरों, रोमँ गाव्रास आणि त्यांच्या मित्रांनी कुर्त्राजमे हा गट काढला. हातात व्हिडिओ कॅमेरे, जवळ पैसे नाहीत, आणि चित्रणाला पॅरिस व त्याची उपनगरं. गाव्रासने जस्टिस या बँडच्या 'स्ट्रेस'च्या व्हिडिओमध्ये (२००८) पाठीवर क्रॉस असलेली जाकिटं घातलेल्या पोरांची पॅरिसभरची मोडतोड दाखवली आणि फ्रान्समध्ये वादळ उठलं. २०२२ च्या 'अथेना' या चित्रपटात तोच गाव्रास पोलीस चौकीवरच्या हल्ल्यापासून वस्तीच्या तटापर्यंत एकाच दमात धावत जाणारा दीर्घ शॉट घेतो. याच गटातला लाज ली मोंफेर्मेयच्या वस्तीत वाढला आणि तिथल्या पोलिसांवर वर्षानुवर्षं कॅमेरा रोखून राहिला. त्याने २०१७ मध्ये 'ले मिझेराब्ल' हा लघुपट केला. २०१९ मध्ये त्याच नावाचा, तेच तीन पोलीस आणि तेच नट असलेला चित्रपट कानमध्ये ज्युरी पारितोषिक घेऊन गेला. त्याआधीच २०१८ मध्ये त्याने मोंफेर्मेयमध्ये चित्रपटाची शाळा सुरू केली होती. स्वतः वर चढल्यावर रस्ता मागच्यांसाठी खुला ठेवणारी माणसं मला या क्षेत्रात सर्वांत आदरणीय वाटतात.

चौथा प्रवाह लघुपटातूनच स्वतःचं जग उभं करणाऱ्यांचा. झ्युलिया द्युकुर्नो हे त्याचं ठळक उदाहरण. ला फेमिस या सरकारी चित्रपटशाळेत ती पटकथा शिकली. २०११ च्या 'ज्युनियर'मध्ये तेरा वर्षांची ज्युस्तिन पोटाच्या आजाराने पडते आणि तिच्या अंगाची कातडी सुटू लागते. वयात येणं इथे उपमा म्हणून येत नाही; ते पाठीवर, बोटांवर, चिकट आणि खरं असतं. २०१६ च्या 'रॉ'मध्ये तीच नटी, गारांस मारिये, पुन्हा ज्युस्तिन नावानेच येते. आता ती पशुवैद्यकाच्या महाविद्यालयात आहे, रॅगिंगमध्ये तिला सशाचं मूत्रपिंड खायला लावतात, आणि पुन्हा तिची कातडी बंड करते. २०२१ मध्ये तिच्या 'तितान'ला कानचं पाम द'ओर मिळालं तेव्हा अनेकांना ते अचानक वाटलं. ज्यांनी 'ज्युनियर' पाहिला होता त्यांना दहा वर्षं एकाच प्रश्नावर टिकून राहिलेली एक दिग्दर्शिका दिसली. झाविए लग्रांने नवऱ्याच्या मारहाणीतून निसटणाऱ्या बाईवर अर्ध्या तासाचा लघुपट केला आणि पुढे तीच नट-नटी घेऊन 'कस्टडी'. माती दिओपने डाकारच्या किनाऱ्यावरून समुद्र ओलांडणाऱ्या तरुणांवर २००९ मध्ये 'अटलांतिक' नावाचा लघुपट केला, आणि २०१९ मध्ये त्याच समुद्राकडे, या वेळी मागे राहिलेल्या मुलींच्या बाजूने, परत येऊन कानचं ग्रां प्री मिळवलं.

या प्रवासाला शिडी म्हणण्याचा मोह होतो, पण हा शब्द इथे लागू पडत नाही. वार्दाने पहिला मोठा चित्रपट आधी केला आणि लघुपट नंतर. पुढे आयुष्यभर ती दोन्हींत ये-जा करत राहिली. बुतोनाचा 'जोर्जिनो' हा चित्रपट १९९४ मध्ये कोसळला, तरी त्याचे व्हिडिओ आजही फ्रान्समध्ये लोकांच्या तोंडी आहेत. लहान काम हे पूर्ण काम असतं. ते पुढच्या मोठ्या कामाचा नमुना म्हणून पाहिलं की त्यातलं निम्मं नजरेतून सुटतं.

आता रस्त्याच्या बांधकामाबद्दल. फ्रान्समध्ये चित्रपटाच्या प्रत्येक तिकिटावर १०.७२ टक्के कर आहे. तो सीएनसी या १९४६ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जातो आणि तिथून पुन्हा चित्रपटांकडे वळतो. हॉलिवूडचा चित्रपट पाहणारा पॅरिसकरही अशा रीतीने एखाद्या अनोळखी तरुणाच्या लघुपटाला हातभार लावतो. साठ मिनिटांच्या आतलं ते लघुपट, ही तिथली सरकारी व्याख्या आहे. म्युझिक व्हिडिओंसाठीही मदतीची योजना आहे. प्रांतांचे स्वतःचे निधी आहेत, लघुपट विकत घेणाऱ्या वाहिन्या आहेत, १९८३ पासून लघुपटांचं वितरण पाहणारी संस्था आहे. वर्षभरात ५०७ तास काम भरलं की नाटक-सिनेमातल्या माणसाला बेकारभत्ता मिळतो. दोन कामांच्या मधल्या महिन्यांत दिग्दर्शक लिहू शकतो तो या भत्त्यामुळे.

आणि प्रेक्षक आहे. क्लेर्मों-फेराँ हे मिशलॅन टायरचं, डोंगराळ भागातलं गाव. १९७९ मध्ये तिथल्या विद्यापीठातल्या मुलांनी लघुपटांचा आठवडा साजरा केला. १९८२ मध्ये राष्ट्रीय आणि १९८८ मध्ये आंतरराष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली. आज तो जगातला लघुपटांचा सर्वांत मोठा महोत्सव मानला जातो आणि दीड लाखाहून अधिक प्रवेशिका खपतात. ऐन थंडीत गावातली शिक्षक, कामगार, निवृत्त मंडळी रांग लावून तासा-दीड तासाचे लघुपटांचे संच पाहतात. तिथे पडदा उजळला की तरुण दिग्दर्शकाला पहिल्यांदा अनोळखी माणसांचं हसणं आणि अनोळखी माणसांचा कंटाळा ऐकू येतो. याहून चांगली परीक्षा नाही.

या व्यवस्थेचे दोषही आहेत. पहिल्या लघुपटाला मदत मिळालेल्या कित्येकांचा मोठा चित्रपट कधीच होत नाही. निवड समित्यांना रुचेल अशा सुरात अर्ज लिहिण्याची सवय लागते. व्हिडिओचं जग बराच काळ पुरुषांचं राहिलं. नामांकित शाळांमध्ये उपनगरातली मुलं कमी पोचली. तसं नसतं तर कुर्त्राजमेच्या लाज लीला स्वतःची शाळा काढावी लागली नसती. कौतुक आणि टीका दोन्ही या पुस्तकात शेजारी शेजारी आहेत.

हा विषय आत्ताच का? कारण कॅमेरा आता प्रत्येकाच्या खिशात आहे आणि लहान लांबी हीच रोजची लांबी झाली आहे. एवढ्या प्रमाणात लहान चित्रपट कुठल्याही पिढीने केले नसतील, आणि त्यांतलं काय टिकेल हे ठरवण्याची साधनं एवढी तोकडी कधी नव्हती. आपल्याशी या विषयाचा संबंध थेटही आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या पायल कापडियाचा 'आफ्टरनून क्लाउड्स' २०१७ मध्ये कानच्या विद्यार्थी विभागात होता. पुढे 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला फ्रेंच निर्माते मिळाले आणि मुंबई-रत्नागिरीतल्या या गोष्टीने २०२४ मध्ये ग्रां प्री मिळवलं. फ्रेंच रस्त्यावरून आपल्याकडची माणसं चालत आहेत. नागराज मंजुळेंच्या 'पिस्तुल्या' या लघुपटापासून 'फँड्री' या चित्रपटापर्यंतची वाट मराठी प्रेक्षकाने स्वतः पाहिली आहे. 'पिस्तुल्या'सारखं काम गावागावांत होण्यासाठी काय लागतं, हा प्रश्न आपण विचारायला हवा. या पुस्तकातल्या फ्रेंच उदाहरणांचा खरा उपयोग मला तिथे दिसतो.

पुस्तकाने काय केलं आहे आणि काय टाळलं आहे, हेही सांगतो. हा फ्रेंच सिनेमाचा इतिहास नाही, आणि दिग्दर्शकांची चरित्रंही नाहीत. एकेक लहान काम घेऊन ते कसं बांधलं आहे, कोणी पैसे दिले, कुठे दाखवलं गेलं आणि त्यातून पुढच्या कामात काय गेलं, एवढे प्रश्न प्रत्येक लेख विचारतो. लघुपट आणि म्युझिक व्हिडिओ एकाच टेबलावर ठेवण्याचा आग्रह हा या संग्रहाचा कणा आहे. फ्रेंच समीक्षेतही हे क्वचितच होतं. मराठीत तर हा पहिला पुरेसा मोठा प्रयत्न म्हणावा असं मला वाटतं.

वाचकांना एक विनंती आहे. लेख वाचण्याआधी ते काम पाहा. यांतली बहुतेक कामं अर्ध्या तासात पाहून होतात. म्युझिक व्हिडिओ असेल तर एकदा आवाज बंद करून पाहा आणि एकदा डोळे मिटून ऐका, म्हणजे दिग्दर्शकाने गाण्यात स्वतःची काय भर घातली ते कळेल. आणि तुम्ही स्वतः लघुपट करणारे असाल, तर हे पुस्तक शेवटच्या पानापर्यंत वाचेपर्यंत थांबू नका. दहा मिनिटांचं काम हाती घ्या, ते पूर्ण करा, आणि अनोळखी माणसांना दाखवा.